दोषाची आणेवारी

त्याच्यावर मी जळत होतो, हे आधीच सांगून टाकतो. उगाच मित्र होता, भला माणूस होता असं गोड गोड लिहीत बसलो, तर वर्ध्याच्या कोर्टातले चार जुने वकील हसतील. तो बार रूममध्ये शिरला की माझं तोंड कसं व्हायचं, ते त्यांनी पाहिलेलं आहे.

आम्ही दोघांनी एकाच वर्षी सनद घेतली आणि दोघंही अपघाताच्या केसेस करायला लागलो. माझा कोट चांगला, माझं इंग्रजी चांगलं, माझं ऑफिस कोर्टाच्या समोरच, पहिल्या मजल्यावर, एसी लावलेलं. त्याचं ऑफिस म्हणजे बार रूमचा एक कोपरा आणि एक कापडी थैली. तरी अल्लीपूरचा माणूस असो की सिंदीचा, एसटीतून उतरला की विचारणार, "आणेवारीवाले वकील कुठं बसतेत?" आणि विचारणार कोणाला, तर मला. मी सांगायचो, "माहीत नाही बुवा." दहा पावलांवर तो फुटाणे खात बसलेला असायचा.

आणेवारी हा शब्द आमच्याकडे कास्तकाराच्या लेकराला पाळण्यात कळतो. सोळा आण्यांतलं किती आणे पीक हाती आलं, ते सांगायची ती जुनी रीत. आणे कधीच गेले, पण रीत राहिली. या माणसानं ती अपघाताला लावली. रस्त्यावर माणूस मेला की एकूण चूक सोळा आणे. त्यातली ट्रकवाल्याची किती, मोटरसायकलवाल्याची किती, रस्त्यावर गिट्टी टाकून निघून गेलेल्या ठेकेदाराची किती, याची वाटणी करायची. इथवर ठीक आहे. कायदाही तेच म्हणतो. मरणाऱ्याची जेवढी चूक निघेल, तेवढ्या हिश्श्यानं त्याच्या घरच्यांची भरपाई कापायची. पण ती चूक दाखवून देणं हे विमा कंपनीच्या वकिलाचं काम. हा शहाणा आपल्याच पक्षकाराची चूक आपल्याच अर्जात आधी लिहून द्यायचा. कोर्टासाठी टक्क्यांत लिहायचा आणि स्वतःच्या वहीत आण्यांत.

पहिली काही वर्षं बार रूम पोट धरून हसली. मीही हसलो, जरा जास्तच मोठ्यानं. "हात दाखवून अवलक्षण," म्हणालो. माझ्या कॉम्प्युटरमध्ये एक वाक्य टाइप करून तयार असायचं, "सदर अपघातात मयताची काडीचीही चूक नव्हती." फक्त वरचं नाव बदलायचं. मग कंपनीचा वकील उभा राहायचा आणि माझी काडी सोलायला घ्यायचा. हेल्मेट होतं का, लायसन होतं का, गाडीवर किती जण होते, वेग किती होता. शेवटी कोर्ट माझ्या मयताच्या माथी पाच-सहा आणे मारायचं. त्यानं दोन लिहून दिलेले असायचे आणि त्याचे दोनच कापले जायचे. आता सांगा, माणसानं जळू नये तर काय करावं.

एकदा भर कोर्टात साहेबांनीच त्याला विचारलं, "वकीलसाहेब, ही चुकीची टक्केवारी तुम्ही काढली की पक्षकारानं?"

तो म्हणाला, "मेलेल्याच्या बापानं काढली साहेब. मी फक्त लिहिली."

कंपनीचा वकील उलटतपासणीला उठला होता. हातात प्रश्नांचा कागद होता, पण त्यातलं विचारायचं काही उरलंच नव्हतं. तो खाली बसला. मी मागच्या बाकावर होतो. मला आठवतं, माझ्या पोटात खरोखरच दुखलं. सकाळी साबुदाण्याची खिचडी खाल्ली होती, म्हणून मी खिचडीला दोष दिला.

त्याला कुठलीच गाडी चालवता येत नव्हती. सायकलसुद्धा नाही. साऱ्या जिल्ह्यात एसटीनं फिरायचा, बसायचा ड्रायव्हरच्या मागच्या सीटवर, आणि वाकून वाकून ड्रायव्हरचे पाय पाहायचा. ब्रेक कधी मारतो, क्लच कधी दाबतो. एका ड्रायव्हरनं वैतागून त्याला विचारलं, "काऊन जी, पायात काय पाहून राह्यले माह्या? चप्पल पाह्यजे का?" तर हा म्हणाला, "नाई भाऊ, तुमी घाबरता कवा, ते पाहून राह्यलो." तो ड्रायव्हर पुढे त्याचा साक्षीदार झाला, दोन-तीन केसमध्ये. असं त्याचं सगळं. आपण एखाद्याला पान खाऊ घालून जे मिळवत नाही, ते हा असलं काही बोलून मिळवायचा.

थैलीत तीनच गोष्टी असत. फुटाणे, वही, आणि बैलाच्या कासऱ्याची एक जुनी दोरी, हातभरावर गाठी मारलेली. अपघात ज्या वेळेला झाला असेल, त्याच वेळेला तो मेलेल्याच्या घरच्यांना घेऊन जागेवर जायचा. दोरीनं रस्ता मोजायचा, मग सगळ्यांना कडेला बसवायचा, फुटाण्याची पुडी फिरवायचा आणि गप्प राहायचा. अर्धा तास, कधी तासभर. गाड्या जात-येत राहायच्या. मग म्हणायचा, "हं. करा आणेवारी." घरातला सर्वांत मोठा माणूस आधी बोलणार, असा नियम. बोलणारा पहिल्यांदा हमखास म्हणायचा, "ट्रकवाल्याचे सोळा आणे." हा लिहायचाच नाही. म्हणायचा, "पयली आणेवारी रागाची असते. ती घ्याची नसते. बसा अजून."

आणि बसलेली माणसं काही वेळानं आपणहून बोलायची, हे त्यातलं सर्वांत संतापजनक. मी एसीत बसवून, चहा पाजून, दहादा विचारून ज्यांच्याकडून "वेग जास्त होता" एवढं वदवून घेऊ शकलो नाही, ती माणसं त्या धुळीत बसून म्हणायची, "दोन आणे माह्या पोराचे लिहा वकीलसाहेब. गाडी जोरातच चालवे तो."

लोकांना वाटायचं, याच्या घरात कोणी अपघातात गेलं असेल, त्याशिवाय माणूस असा होत नाही. मलाही तसंच वाटलं आणि खरं सांगतो, मी त्याची चौकशी केली. सेलूजवळच्या त्याच्या गावाला एका लग्नाच्या निमित्तानं जाऊन आलो. काही सापडलं नाही. आईबाप म्हातारे होऊन आपल्या खाटेवर मेले होते, भाऊ शेती करत होता, बायको जिल्हा परिषदेच्या शाळेत मास्तरीण. काही दुःख सापडलं असतं तर बरं झालं असतं, त्याच्या शहाणपणाला कारण मिळालं असतं. पण तो नुसताच तसा होता.

अल्लीपूरची एक म्हातारी होती. ऑटोत आठवी बसली होती, ऑटो आणि जीप एकमेकांवर आदळले, म्हातारीचं खुब्याचं हाड मोडलं. हा तिला समजावत होता की दोन गाडीवाल्यांच्या भांडणात बसलेल्या माणसाची चूक धरत नाहीत, दोघांपैकी कोणाकडूनही पूर्ण भरपाई मागता येते. म्हातारी तणतणून भांडली. "माही काहीच चूक नाई? मंग मी काय पोतं होती का, गाडीत ठेवलेलं? मीच म्हटलं ना त्याले, बाजार उठून राह्यला, जोरात घे. अर्धा आणा माहा लिहा." बार रूममध्ये आम्ही हसून हसून लोळलो. तो हसला नाही. त्यानं वहीत खरंच अर्धा आणा लिहिला, अर्जात अर्थातच नाही. आणि तेव्हापासून तो नव्या पक्षकारांना सांगायला लागला, "ज्याची चूकच नाई, ते पोतं. तुमचा माणूस पोतं नवता. त्याच्याजवळ थोडी चूक राहू द्या." म्हातारीचं वाक्य उचललं आणि स्वतःचं करून टाकलं. माझ्याकडे असली म्हातारी कधी आली नाही.

सिंदीचा एक कापसाचा व्यापारी मात्र आधी माझ्याकडे आला होता. त्याचा मुलगा संध्याकाळी मोटरसायकलवरून येताना रस्त्यात उभ्या ट्रॅक्टर-ट्रॉलीवर मागून आदळला. ट्रॉलीला मागे ना दिवा ना रिफ्लेक्टर. मोठी केस होती. मी माझं तयार वाक्य वाचून दाखवलं. व्यापाऱ्यानं शांतपणे ऐकलं आणि विचारलं, "वकीलसाहेब, तुमी ते जागा पाह्यली का?" मी म्हटलं, पोलिसांच्या पंचनाम्यात सगळं आहे. तो हो म्हणाला, कागदं उचलली, विचार करून येतो म्हणाला. दोन दिवसांनी मी एसटी स्टँडसमोर त्याला पाहिलं. दारात स्वतःची कार असणारा तो माणूस आणेवारीवाल्याच्या शेजारी बाकावर बसून सिंदीच्या बसची वाट पाहत होता आणि दोघं एका पुडीतून फुटाणे खात होते. मी स्कूटर वळवून दुसऱ्या रस्त्यानं गेलो. त्या दिवशी घरी बायकोवर कशावरून तरी खेकसलो. ती म्हणाली, "आज पुन्हा आणेवारीवाला भेटला का?" तिला सगळं कळायचं.

मागच्या उन्हाळ्यात माझा जवाई गेला. जवाई म्हणजे धाकट्या बहिणीचा नवरा. बहिणीला चाळिशी आली तरी आम्ही सारे छोटीच म्हणतो. जामच्या चौरस्त्यावर त्यांचं ट्रकच्या स्पेअर पार्टचं दुकान. दुपारी जेवायला मोटरसायकलवर घरी निघाले आणि एका ढाब्यातून ट्रक मागे मागे येत सरळ रस्त्यावर आला. मागे पाहायला क्लीनर नाही, हॉर्न नाही. जवाईबापू जागच्या जागी गेले.

तेरवी झाली. मी छोटीला म्हटलं, "कागदं दे, अर्ज तयार करतो."

ती म्हणाली, "दादा, कागदं मी देले."

"कोणाले?"

"आणेवारीवाल्या वकिलाले."

घरात पाहुणे होते म्हणून मी गप्प बसलो. सख्खा भाऊ वकील, अपघाताच्याच केसेस करणारा, आणि बहिणीनं केस दिली बाहेर. तीही कोणाला. दुसऱ्या दिवशी बार रूममध्ये मी शिरलो आणि बोलणं थांबलं, तेव्हाच समजलो की खबर पोचली. तो कोपऱ्यातून उठून माझ्याजवळ आला. म्हणाला, "भाऊ, मी ताईले दोनदा म्हटलं, तुमच्या दादाकडे जा. त्या नाई म्हणाल्या." मी म्हटलं, "तुझी केस आहे, तू चालव." याहून वाईट बोललो असतो, पण शब्द सुचले नाहीत.

आता दुसरी गोष्ट. जवाईबापूंच्या कानाला फोन होता. चौरस्त्यावरच्या चहावालीनं पोलिसांना तसं सांगितलं होतं. तो फोन माझा होता.

त्या सकाळी जामजवळ एक जीप उलटली होती, चार-पाच माणसं जखमी होती. मला कोर्टात खबर लागली. जवाईबापू असल्या वेळी दुकान सोडून धावून जाणारे, तेव्हा त्या लोकांशी त्यांची ओळख झालेली असणार. मी म्हटलं, तो फुटाणेवाला पोचायच्या आत माझं कार्ड पोचलं पाहिजे. वकिलानं असं गिऱ्हाईक शोधत फिरू नये असा नियम आहे, सनदेवर येऊ शकतं. नियम मला पाठ आहे. तरी जवाईबापूंना माझं कार्ड वाटायला सांगावं म्हणून मी फोन लावला. अपघाताची बातमी आल्यावर पहिलं काम काय केलं असेल, तर माझ्या फोनमधला तो कॉल पुसून टाकला. त्यानंतर रडलो. क्रम असा होता, तो लपवत नाही.

पंधरा दिवसांनी त्यानं आम्हाला जामला बोलावलं. दुपारी, त्याच वेळेला. छोटी होती, तिचे सासरे होते आणि भाऊ म्हणून मी. त्यानं दोरी टाकून ढाब्याच्या फाटकापासून रस्ता मोजला. मग आम्ही कडूलिंबाखाली बसलो. फुटाण्याची पुडी फिरली. मी घेतले नाहीत. ट्रक एकामागून एक ढाब्यात शिरत होते, निघत होते.

सासऱ्यांनी आधी सोळा आणे म्हटलं, त्यानं लिहिलं नाही. पुष्कळ वेळानं म्हातारा म्हणाला, "दोन माह्या लेकाचे लिहा. फोन कानाले होता म्हणते ती चहावाली."

छोटी रस्त्याकडे पाहत म्हणाली, "तीन."

तो माझ्याकडे वळला. "भाऊ, तुमचं काय म्हणणं?"

चोराच्या मनात चांदणं. मला वाटलं, याला माहीत आहे. मी म्हटलं, "माझं काय म्हणणं असणार? ट्रकवाल्याचे सोळा." त्यानं मान हलवली, वहीत तीन लिहिले आणि वही बंद केली.

अर्ज दाखल झाला. कंपनीचं उत्तर आलं, ते मी क्लार्ककडून मिळवून वाचलं. मयत निवांत फोनवर गप्पा मारत वाहन चालवत होता, समोर ट्रक दिसत असूनही त्यानं वेग कमी केला नाही, सबब किमान निम्मी चूक त्याची. म्हणजे आठ आणे. दुकानावर बँकेचं कर्ज, सासरे थकलेले, आणि छोटीच्या भरपाईतली अर्धी जाणार. माझ्या मनात त्या क्षणी काय आलं ते लिहायला लाज वाटते, पण आलं. पडला का शेवटी तोंडघशी, असं आलं.

त्यानंतर एका दुपारी, बार रूम रिकामी असताना, तो डबा घेऊन माझ्या समोर येऊन बसला. ज्वारीची भाकरी आणि वांग्याची भाजी. दोन घास खाल्ले आणि म्हणाला, "ताईनं मले जवाईबापूचा फोन देला. काच फुटली, पण चालू आहे."

मी समोरची फाईल उघडली.

"फोन आला अन् त्याइनं उचलला, त्याचे तीन आणे. अर्जात एवढंच आहे. कोणाचा होता हे मी लिहिलं नाई. पण कंपनी म्हणते, मजेत गोष्टी चालू होत्या. त्या होत्या का नवत्या, हे फोन लावणाराच सांगू शकते."

"मला साक्षीला बोलावणार आहेस?"

"नाई. सख्ख्या मेव्हण्याले पिंजऱ्यात उभं करून मले काय कराचं? मी फक्त काय खरं आहे ते सांगून राह्यलो."

"उपकार करतोस माझ्यावर?" माझा आवाज चढला. "सगळ्या जिल्ह्यात तूच एक धुतल्या तांदळासारखा, आणि आम्ही सारे चोर. असंच ना?"

त्यानं शांतपणे भाकरीचा तुकडा मोडला. "तुमचा अर्ज माह्यापेक्षा चांगला राह्यते भाऊ. भाषा चांगली राह्यते. मी तुमचे अर्ज नकलून घेत होतो पयले." एवढं बोलून जेवायला लागला. मी उठून गेलो. तो माझे अर्ज नकलून घ्यायचा, हे मला कधीच माहीत नव्हतं, आणि हेही त्यानं अशा वेळी सांगावं याचा मला राग आला.

रविवारी मी जामला गेलो. छोटी आता दुकानात बसते. काउंटरमागे जवाईबापूंचीच खुर्ची. एका ट्रकवाल्याला बेअरिंग दाखवत होती, तो गेल्यावर मी म्हटलं, "छोटे, तो फोन माहा होता."

"माहीत आहे," ती म्हणाली.

"कवापासून?"

"पयल्याच दिवशी. पोलिसानं फोन हातात देला, त्याच्यावर दादा असं लिहून होतं."

"मंग बोलली काऊन नाई?"

"तू सांगशील म्हणून थांबली. त्या दिवशी रस्त्यावर तुले विचारलं, तवा तू सोळा म्हटले. मी म्हटलं, ही त्याची रागाची आहे, दुसरी सांगल." तिनं काउंटरवरचे नट गोळा करून डब्यात टाकले. "फोन तुहा होता म्हणून तं केस तुले नाई देली, दादा. देली असती तं तुले पयल्याच कागदावर खोटं लिहा लागलं असतं, अन् मले त्याच्याखाली सही करा लागली असती. तुह्यावरच्या रागापायी नाई देली असं समजू नको."

सहा महिने मी साऱ्या नातेवाइकांत तोंड फुगवून फिरत होतो. तिनं मला वाचवलं होतं.

"काय बोलले ते?" तिनं विचारलं.

मी सगळं सांगितलं. जिपेचं, कार्डाचं. त्यावर जवाईबापू काय म्हणाले तेही. ते म्हणाले होते, "दादा, त्या लोकाइले आणेवारीवाल्याकडंच जाऊ द्या. तो जागेवर येते, त्याइच्यापाशी बसते. तुमाले कायची कमी आहे?" ते ऐकून माझं डोकं फिरलं होतं.

"मंग?"

"मंग म्हणाले, दादा, गाडीवर आहो, ठेवतो, घरी जाऊन लावतो."

"अन् तू?"

"मी म्हटलं, ठेवू नका. आत्ताच सांगा, तुमी माह्या बाजूनं आहा का त्याच्या."

छोटीनं नटाच्या डब्याचं झाकण लावलं. बाहेर एका ट्रकचं टायर काढत होते, त्याचे हातोडे ऐकू येत होते.

"ठेवतो म्हणाले होते?"

"हो."

"गाडीवर आहो, असं म्हणाले?"

"हो."

"मी रोज त्याइले बोलली, दादा," ती म्हणाली. "फोटोपुढं उदबत्ती लावता लावता बोलली. दादाचा फोन होता तं काय झालं, घरापर्यंत दम नाई निंघाला का तुमाले, जेवण वाढून होतं. सहा महिने बोलून राह्यली. तीन आणे मीच टाकले त्याइच्यावर." मग तिनं पदरानं तोंड पुसलं आणि माझ्याकडे न पाहता म्हणाली, "हे कोर्टात सांगजो. भरपाई वाढो का न वाढो. ते ठेवतो म्हणाले होते, हे कुठंतरी लिहून राह्यलं पाह्यजे."

माझं शपथपत्र त्यानंच लिहिलं. मी बोललो तसं, एक शब्द इकडचा तिकडे न करता. इतकी वर्षं मी लोकांची शपथपत्रं लिहिली. कोणाच्या तोंडचं वाक्य मी असं जसंच्या तसं सोडलं नव्हतं. वाचताना वाटलं की हे चांगलं आहे, आणि त्याबरोबर जे नेहमी वाटायचं तेही वाटलं.

निकाल काय लागला ते सांगून टाकतो. तीन आणेच धरले गेले. त्यापलीकडे कंपनीला काही कापता आलं नाही. कायद्याला फोन लावणाऱ्याची चूक दिसत नाही, त्यामुळे माझ्या वाट्याला कागदावर काही आलं नाही. बार रूममध्ये जे यायचं होतं ते आलं.

पण मला आठवते ती उलटतपासणी. कंपनीचा वकील माझा चहाचा सोबती. सुरुवातीला त्यालाही अवघडल्यासारखं झालं होतं, मग धंद्यानं उचल खाल्ली. फोन किती वेळ चालला, मयत रस्त्यावर आहे हे तुम्हाला केव्हा समजलं, सारं विचारून झालं. उलटतपासणीत कोणाला 'का' विचारू नये, हे आम्हाला पहिल्याच वर्षी शिकवतात. तो विचारून बसला.

"मयतानं फोन ठेवतो म्हटल्यावर तुम्ही ठेवू का दिला नाही?"

"हेवा वाटत होता म्हणून."

साहेबांनी टायपिस्टला थांबवलं. चष्म्यावरून माझ्याकडे पाहिलं. "कोणाचा?"

तो समोरच्या टेबलाशी बसला होता, वहीत मान घालून. छोटी मागच्या बाकावर होती. दारात बार रूममधले पाच-सहा जण उभे होते, माझी साक्ष ऐकायला मुद्दाम आलेले.

"अर्जदाराच्या वकिलांचा," मी म्हटलं.

साहेब टायपिस्टला म्हणाले, "लिहा." त्यानं लिहिलं. साक्ष संपल्यावर कागद माझ्यापुढे आला, तेव्हा मी ते वाक्य दोनदा वाचलं, त्यात दुरुस्तीला जागा नव्हती, आणि खाली सही केली.